सिद्धतेची सुरुवात करताना

विविक्त गणितात, म्हणजे सुट्या, मोजता येणाऱ्या गोष्टींच्या गणितात (डिस्क्रीट मॅथेमॅटिक्स), पहिल्या महिन्यात गोंधळ उडणे स्वाभाविक आहे. आलेख-सिद्धांत वगैरे सध्या बाजूला ठेवून तुम्ही केवळ विधाने नेमकी वाचण्याचा सराव करावा, असे मी सुचवेन.

‘मी सीताबर्डीत असेन, तर मी नागपुरात आहे’ हे विधान घ्या. ‘मी नागपुरात नाही, म्हणून सीताबर्डीतही नाही’ हे त्याच्याशी समतुल्य आहे. मात्र ‘नागपुरात आहे, म्हणून सीताबर्डीतच आहे’ हा त्याचा व्यत्यास, म्हणजे अट आणि निष्कर्ष यांची अदलाबदल, असून तो खोटा आहे, कारण तुम्ही धरमपेठेतही असू शकता. वह्या तपासताना मला हीच गफलत सर्वाधिक आढळते.

आणखी दोन चुका टाळा :

१. उदाहरणांना सिद्धता समजणे. क चा वर्ग, क आणि ४१ यांची बेरीज क = ० पासून ३९ पर्यंत दर वेळी मूळ संख्याच येते; क = ४० ला मात्र १६८१, म्हणजे ४१ × ४१ मिळते. चाळीस उदाहरणे जुळूनही विधान खोटे!

२. गणिती विगमनात, म्हणजे इंडक्शनमध्ये, पहिली पायरी गाळणे. या पद्धतीत विधान आधी पहिल्या संख्येसाठी तपासतात, मग एका संख्येसाठी खरे असल्यास पुढच्या संख्येसाठीही खरे ठरते, हे दाखवतात. ‘क = क + १’ गृहीत धरल्यास ‘क + १ = क + २’ सहज मिळते; पण पहिल्या संख्येसाठीच ते खोटे असल्याने काहीच सिद्ध होत नाही.

रोज एकच सिद्धता, पुस्तक मिटून, पूर्ण वाक्यांत लिहा.