‘कासाब्लांका’ या 1942च्या हॉलिवूडपटात नाझी अधिकारी मेजर स्ट्रासर झालेला जर्मन नट कॉनराड फाइट खरंच नाझी होता का?

नाही, उलट नाझींमुळेच त्याने 1933 साली जर्मनी कायमचा सोडला. त्याची बायको लिली ज्यू होती. फाइट स्वतः ज्यू नव्हता, तरी वंशाची माहिती मागणाऱ्या सरकारी फॉर्मवर त्याने ‘ज्यू’ असं लिहिलं, असं त्याच्या चरित्रांत सांगितलं जातं. पुढे तो ब्रिटिश नागरिक झाला. हॉलिवूडमध्ये त्याच्या वाट्याला नाझींच्या भूमिका आल्या, आणि ते खलनायकच दिसले पाहिजेत असा त्याचा आग्रह असे.

त्याला फक्त स्ट्रासरवरून ओळखणं मात्र अन्याय आहे. 1893 साली बर्लिनमध्ये जन्मलेला फाइट नाट्यदिग्दर्शक माक्स राइनहार्टच्या नाटकमंडळीत घडला. 1920च्या ‘डॉ. कॅलिगरी’ या मूकपटात तो झोपेत चालणारा चेझारे झाला. पेटीत उभा, अंगाला घट्ट काळे कपडे, चेहरा पांढराफटक, आणि डोळे हळूहळू, थरथरत उघडतात. एवढा एक प्रसंग बघा, रंगभूमीवरचा नट कॅमेऱ्यासमोर काय करू शकतो ते कळेल. 1940च्या ‘द थीफ ऑफ बगदाद’मध्ये आपल्या म्हैसूरच्या साबू या नटासमोर दुष्ट जाफर तोच.

एक लक्षात ठेवा: परदेशात काम करणं त्याने 1933 नंतर सुरू केलं असं नाही. 1928चा ‘द मॅन हू लाफ्स’ हॉलिवूडचाच. ‘कासाब्लांका’ नंतर काही महिन्यांतच, एप्रिल 1943मध्ये, गोल्फ खेळताना हृदयविकाराने तो गेला. हिटलरचा पराभव त्याला बघायला मिळाला नाही.