‘सेलेस्ट’ हा उड्या मारत डोंगर चढायचा गेम कीबोर्डवर खेळताना बोटं गोंधळतात. कीबोर्डवर हात बसेल, की गेमपॅडच घ्यावा?

गेमपॅड लगेच घेऊ नका. या गेमला कीबोर्ड कमी पडत नाही, आणि डॅशच्या दिशांपुरतं बोलायचं तर तो सरसच आहे. सेलेस्टमध्ये डॅश, म्हणजे हवेतही मारता येणारी वेगवान झेप, आठच दिशांना जातो. अ‍ॅरो कीवर त्या आठही दिशा नेमक्या मिळतात, एक की दाबली तर सरळ आणि दोन दाबल्या तर तिरका. अ‍ॅनालॉग स्टिक वापरणाऱ्याचा अंगठा जरा कलला की सरळ डॅशचा तिरका होतो, ती भानगड इथे नाही. स्पीडरन करणाऱ्यांतही, म्हणजे गेम कमीत कमी वेळात संपवणाऱ्यांतही, कीबोर्डवाले भरपूर आहेत.

तुम्ही तिसऱ्या चॅप्टरमधल्या हॉटेलात आहात आणि तीन तक्रारी लिहिल्या आहेत. सरळ वर डॅश मारायचा असताना तो तिरका जातो. भिंतीवरून उलट बाजूला उडी घ्यायची तर मॅडलिन, म्हणजे गेमची नायिका, तिथल्या तिथे वर उडते. आणि बुटक्या फटीतून जायचं असलं की उडी मोठी होऊन डोकं काट्यांना लागतं. त्यावरचं तुमचं निदान ‘बोटांना वेग नाही’ असं आहे. मला ते पटत नाही. तिन्ही ठिकाणी तुम्ही की वेळेवर दाबताय, पण वेळेवर सोडत नाही आहात. पेटी शिकताना आधीची पट्टी न सोडता पुढची दाबली की दोन सूर एकमेकांत मिसळतात, तसं चाललंय.

आधी उडी बघू, कारण तिथे हे सगळ्यात स्वच्छ दिसतं. सेलेस्टच्या डेव्हलपरांनी मॅडलिनच्या हालचालींचा कोड उघड केलेला आहे, त्यामुळे आकडे ठाऊक आहेत. सी, म्हणजे उडीची की, दाबल्यावर वर जाण्याचा जोर जास्तीत जास्त ०.२ सेकंद टिकतो, तोही सी दाबून धरलं असेल तरच. बोट आधी उचललं की गुरुत्वाकर्षण लगेच ओढायला लागतं. आणखी एक गंमत आहे. उडीच्या अगदी माथ्यावर, वेग शून्याच्या आसपास असताना सी अजून दाबलेलं असेल तर गुरुत्वाकर्षण निम्मं होतं. मॅडलिन तिथे क्षणभर तरंगते आणि पुढचा डॅश कुठे मारायचा हे ठरवायला उसंत मिळते. म्हणजे उडी किती उंच जाणार, माथ्यावर किती रेंगाळणार, हे दोन्ही तुम्ही सी कधी सोडता यावर ठरतं. पहिल्या चॅप्टरच्या पहिल्याच खोलीत उभं राहून फक्त एवढंच करून बघा: सी नुसतं टिचकी मारून सोडा, मग अर्धवट धरा, मग पूर्ण धरा. डावीउजवीकडे जाऊच नका. टिचकीच्या उडीची उंची डोळ्यांत बसली की त्या बुटक्या फटी सोप्या होतील.

आता तिरक्या डॅशचं. तुम्ही उजवीकडे धावत येता, कड्यावरून उडी घेता आणि हवेत वरचा अ‍ॅरो व एक्स (डॅशची की) दाबता. पण उजवा अ‍ॅरो अजून दाबलेलाच असतो. गेमच्या दृष्टीने तुम्ही ‘वर आणि उजवीकडे’ मागितलंत, त्याने तेच दिलं. सरळ वर जायचं असेल तर एक्सच्या आधी उजवं बोट उचलायला हवं. भीती अशी वाटते की बोट उचललं की मॅडलिन खाली कोसळेल. तसं होत नाही. हवेत तिचा पुढचा वेग एकदम जात नाही, हळूहळू कमी होतो. उलट तक्रारही बऱ्याच जणांची असते, की तिरका हवा असताना सरळ जातो. तिथे दुसरा अ‍ॅरो उशिरा पडलेला असतो. पण गेम इथे मोठ्या मनाचा आहे. एक्स दाबल्यावर तो ०.०५ सेकंद थबकतो आणि त्यानंतर दिशा वाचतो. एक्स नि अ‍ॅरो जवळजवळ एकदम पडले तरी चालतं. एकही अ‍ॅरो दाबलेला नसेल तर तोंड ज्या बाजूला आहे तिकडे डॅश जातो.

भिंतीची तक्रार मात्र झेडची आहे, म्हणजे ग्रॅबची, भिंत पकडण्याच्या कीची. नवीन खेळणारे झेड घट्ट धरूनच ठेवतात, न जाणो पडलो तर! भिंत समोर असताना झेड धरलेलं असेल आणि उलट दिशेचा अ‍ॅरो दाबलेला नसेल, तर सीचा अर्थच बदलतो. मॅडलिन भिंतीपासून दूर उडत नाही, भिंतीला धरून वर उडते, आणि त्यासाठी दम खर्च होतो. मॅडलिनचा एकूण दम ११०. वर मारलेल्या अशा प्रत्येक उडीला २७.५ जातात, म्हणजे चार उड्यांत खेळ खल्लास. नुसतं लटकून राहायला सेकंदाला १० लागतात, तर वर सरकत चढायला सेकंदाला ४५ च्या आसपास. थोडक्यात, लटकणं स्वस्त आणि चढणं महाग. दम संपत आला की ती लाल लुकलुकते. भिंतीवरून उलटं उडायचं असेल तर झेड सोडा आणि सी दाबा, किंवा झेड धरूनच उलट अ‍ॅरो आधी दाबा. मी पहिला मार्ग सुचवीन, त्यात विचार कमी करावा लागतो. भिंतीला चिकटलेलंच असावं असंही नाही, दोन पिक्सेल अंतरावरूनही ही उडी बसते.

याच्याच पुढची एक चाल सांगून ठेवतो, कारण माझं म्हणणं तिच्यात पुरेपूर उतरतं. भिंतीवरून उडी मारताना डावा किंवा उजवा अ‍ॅरो दाबलेला असेल तर साधारण ०.१६ सेकंद गेम तुमचं ऐकत नाही, मॅडलिनला भिंतीपासून लांब नेतो. त्या वेळात लोक घाबरून अ‍ॅरो बडवतात आणि खाली जातात. पण सी दाबताना सगळे अ‍ॅरो सोडलेले असतील तर ही सक्ती लागूच होत नाही. ती जराशी बाजूला जाते, तुम्ही लगेच भिंतीकडचा अ‍ॅरो दाबता, ती परत भिंतीला येते आणि आधीपेक्षा वर असते. असं करत ग्रॅब न वापरता, दम न घालवता भिंत चढता येते. याला न्यूट्रल जंप म्हणतात. तुमच्या चॅप्टरला तिची गरज नाही, पण बोट उचलण्याचा यापेक्षा चांगला सराव मला माहीत नाही.

गेम तुमच्या बाजूने किती सवलती देतो हे कळलं की हात आपोआप सैल होतात. कड्यावरून पाय सुटल्यावरही ०.१ सेकंद, म्हणजे सेकंदाला ६० फ्रेमच्या हिशेबाने सहा फ्रेम, उडी मारता येते. जमिनीला टेकायच्या ०.०८ सेकंद आधी सी दाबलं तरी टेकल्या क्षणी उडी बसते. अट एकच, सी दाबून धरलेलं हवं. इथे तुमच्यासारखे लोक नेमकं उलटं करतात, घाईने सीवर टकटक करतात. मधे बोट उचललं की ती आगाऊ मागणी रद्द होते. डोकं छताच्या कोपऱ्याला किंचित लागलं तर गेम स्वतःच तुम्हाला बाजूला सरकवतो. या सवलती गेमच्या डिझायनर मॅडी थॉर्सन यांनी जाहीरपणे समजावून सांगितल्या आहेत, त्यामुळे लबाडी केल्यासारखं वाटून घ्यायचं कारण नाही. गेम रेट्रो दिसतो, ३२० बाय १८० पिक्सेलचा आहे, पण ऐंशीच्या दशकातल्या गेमसारखा खडूस नाही.

आता हात कुठे ठेवायचे. मूळची मांडणी उजवा हात अ‍ॅरोवर आणि डावा झेड-एक्स-सीवर अशी आहे, ती चांगली आहे. डाव्या हाताची अनामिका झेडवर, मधलं बोट एक्सवर, तर्जनी सीवर. उजव्या हाताची तर्जनी डाव्या अ‍ॅरोवर, अनामिका उजव्या अ‍ॅरोवर, आणि वर-खाली दोन्ही मधल्या बोटाकडे. डावा आणि उजवा अ‍ॅरो एकाच बोटाने मारत असाल तर ती सवय आजच मोडा, बाकी काही नंतर करा. कॉम्प्युटर क्लासमध्ये डेंजरस डेव्ह खेळून तयार झालेल्या आपल्या पिढीला वरच्या अ‍ॅरोने उडी मारायची खोड आहे. इथे वरचा अ‍ॅरो डॅशची दिशा ठरवतो, म्हणून सेटिंगमध्ये जाऊन उडी तिथे नेऊ नका. डेव्हला डॅश नव्हता, त्याचं भागलं.

लॅपटॉपवर खेळत असाल आणि वर-खालचे अ‍ॅरो निम्म्या उंचीचे असतील तर दिशा सरळ आय-जे-के-एलवर न्या. डावा हात आहे तिथेच राहतो, उजव्याला पूर्ण आकाराच्या की मिळतात. ग्रॅब बऱ्याच जणांना डाव्या शिफ्टवर करंगळीने बरा वाटतो. मलाही. फक्त त्याआधी विंडोजमधलं स्टिकी कीजचं शॉर्टकट बंद करा, नाहीतर शिफ्ट पाच वेळा दाबलं गेलं की ऐन उडीत ती खिडकी समोर उभी राहते. बराच वेळ ग्रॅब धरून बोट दुखत असेल तर सेटिंगमध्ये ग्रॅब टॉगलवर करता येतो, एकदा दाबलं की चालू, पुन्हा दाबलं की बंद.

दोन उलट अ‍ॅरो एकदम दाबले गेले तर काय होतं, हेही माहीत असू द्या. सेलेस्ट नंतर दाबलेली दिशा धरतो. त्यामुळे डावा सोडायला उशीर झाला तरी उजवा लागू होतो, आणि चूक लपते. पण मग उजवा उचलला की खाली दाबलेला डावा पुन्हा जागा होतो आणि मॅडलिन एकदम गर्रकन मागे वळते. ‘आपोआप उलटी फिरते’ असं लोक म्हणतात, ते बहुतेक वेळा हेच.

कीबोर्ड तपासायलाच हवा, नवा घ्यायच्या आधी. साध्या मेम्ब्रेन कीबोर्डमध्ये की आडव्या-उभ्या तारांच्या जाळीवर बसवलेल्या असतात. जाळीतल्या एका चौकोनाचे तीन कोपरे एकदम दाबले गेले की चौथाही दाबल्यासारखा भासतो, म्हणून कीबोर्ड तिसरी की गाळूनच टाकतो. तुमचं बोट बरोबर, की बरोबर, आणि स्क्रीनवर काहीच नाही! सेलेस्टमध्येच बघा: झेड धरा, वर आणि डावा अ‍ॅरो धरा, मग एक्स दाबा. मग तेच उजव्या बाजूने, मग एक्सऐवजी सीने. एखादं जुळणीतलं बटण गायब होत असेल तर कीबोर्ड बदलू नका, ती एक की दुसरीकडे न्या. जाळीतली जागा बदलली की अडचण सहसा सुटते. ब्लूटूथ कीबोर्ड असेल तर मात्र, सिग्नल उशिरा पोचू नये म्हणून, वायरचा आणा. टीव्हीवर खेळत असाल तर त्याचा गेम मोड चालू करा.

सरावासाठी तुम्ही आत्ता आहात त्याच हॉटेलात एक सोय दडलेली आहे. तिसऱ्या चॅप्टरमधल्या एका आडबाजूच्या खोलीत जुना कॉम्प्युटर आहे, त्यावर २०१५ चा मूळचा छोटा सेलेस्ट चालतो. तो पिको-८ या छोट्या रेट्रो गेमच्या सॉफ्टवेअरवर चार दिवसांत बनवलेला होता, १२८ बाय १२८ पिक्सेल, सोळा रंग, तीस खोल्या. ब्राउझरवर फुकटही खेळता येतो. त्यात ग्रॅब नाही, त्यामुळे डाव्या हाताला दोनच कामं उरतात. उडीची उंची मात्र ठरलेली आहे, सी धरा की सोडा, म्हणून उडीचा सराव तिथे होणार नाही. डॅशच्या दिशांसाठी तो उत्तम. आणि ब्राउझरवरच्या त्या गेममध्ये डावा-उजवा एकदम दाबले तर मॅडलिन नेहमी उजवीकडेच जाते, नंतर कुठलंही दाबलेलं असो. डावीकडे वळायचं असेल तर उजवं बोट उचलावंच लागतं.

असिस्ट मोडमध्ये, म्हणजे गेम सोपा करायच्या सोयीत, गेमचा वेग कमी करता येतो, ५० टक्क्यांपर्यंत. त्यात कमीपणा कशाला मानायचा? पण बोटांसाठी मी तो वापरणार नाही, कारण मंद वेगात बसलेला ताल पूर्ण वेगात चुकतो. खोलीतून वाट कुठून जाते हे कळत नसेल तर वेग कमी करा, वाट बघा, परत पूर्ण वेगावर या. केसांकडेही लक्ष असू द्या. लाल म्हणजे डॅश शिल्लक, निळे म्हणजे संपला. निळ्या केसांवर एक्स दाबत बसणं ही सगळ्यात मोठी फुकट मेहनत आहे.

हॉटेलवाला ओशिरो मागे लागतो त्या गच्चीवर अडकला असाल तर तिथली गडबड बोटांची कमी आणि घाबरण्याची जास्त असते. तो आडवा झेपावतो, आणि झेपावण्याआधी थांबतो. तो थांबला की तुम्ही उडी मारा, जमल्यास त्याच्या डोक्यावरच पाय द्या, तो खाली जातो. वेव्हडॅश, हायपर वगैरे डॅशच्या अवघड चाली जे व्हिडिओंमध्ये दिसतं त्यातलं काहीही इथे लागत नाही. वेव्हडॅश तर गेम स्वतःच शेवटच्या फेअरवेल चॅप्टरमध्ये चक्क प्रेझेंटेशन लावून शिकवतो, तोवर थांबलात तरी काही बिघडत नाही.