रात्री ठाण्याहून फोन आला की छातीत धस्स होतं

न्यू जर्सीहून एका ताईंनी लिहिलंय: आई-बाबा नौपाड्यात, बाबांची अँजिओप्लास्टी झालेली. रात्री फोन वाजला की हातपाय गार पडतात, मग पहाटेपर्यंत डोळा लागत नाही. वर ॲसिडिटी, आखडलेली मान, पोरांवर उगाच खेकसणं. रिपोर्ट सगळे नॉर्मल. ‘मग मला झालंय तरी काय?’

ताई, रिपोर्ट नॉर्मल आले म्हणून तुमचा त्रास खोटा ठरत नाही. फोन वाजताच मूत्रपिंडांवर बसलेल्या ॲड्रिनल ग्रंथी ॲड्रेनालिन सोडतात, पाठोपाठ कॉर्टिसॉल; ही दोन्ही ताणाची संप्रेरकं (हार्मोन्स). नाडी धावते, रक्तदाब चढतो, यकृत रक्तात साखर सोडतं, पचन मागे पडतं. संकटापुरतं हे हवंच, पण नंतर ते ओसरायला हवं. तुमचं शरीर मात्र रोज रात्री पहाऱ्यावर बसलंय. कॉर्टिसॉल एरवी रात्री उतरतं आणि पहाटे चढतं. ताण लांबला की ही लय बिघडते, झोप कुत्र्यासारखी सावध होते आणि दुसऱ्या दिवशी त्याचा राग पोरांवर निघतो.

मला खरी गोम लपवालपवीत दिसते. आई म्हणते, ‘इकडे सगळं ठीक आहे गं.’ तुम्ही म्हणता, ‘आम्ही मजेत.’ रोजच्या फोनवर कुणी खरं बोलतच नाही, म्हणून अवेळी वाजलेला प्रत्येक फोन वाईट बातमीचाच वाटतो. आईला स्पष्ट सांगा: बीपीचा आकडा, चुकलेली गोळी, डॉक्टरांच्या कागदाचा फोटो, सगळं मला हवं. वेळ ठरवून टाका. उन्हाळ्यात तुमच्या सकाळच्या 8:30 ला ठाण्यात संध्याकाळचे 6 वाजतात, हिवाळ्यात 7. घराची एक किल्ली शेजारच्या काकूंकडे द्या. फ्रिजवर औषधांची यादी, मेडिक्लेमचा नंबर आणि रुग्णवाहिकेचा 108 लावून ठेवा. तातडीच्या फोनला वेगळी रिंगटोन लावा, रात्री बाकीचे आवाज बंद.

झोपण्याआधी चार मोजत श्वास आत, सहा मोजत बाहेर, असं पाच मिनिटं करा. लांब उच्छ्वासानं नाडी मंदावते.

आई-बाबाही आतून खचलेले असतील. त्यांना टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा नंबर 14416 द्या. मोफत आहे, चोवीस तास चालू, मराठीत बोलता येतं.

आणि छातीत कळ येऊन घाम फुटला, तर तो ताण समजून घरी बसू नका, लगेच इमर्जन्सीत जा. दोन आठवडे कशातच मन रमलं नाही, तर तिथल्या डॉक्टरांना झोपेबरोबर हेही सांगा.