ग्रीक पद्धतीचे लिंबू-बटाटे घरी करताना आतून कच्चे राहतात, काय चुकतं?

बहुतेक पाणी घालायचं राहत असेल. हे बटाटे नुसते भाजायचे नसतात. आधी लिंबाच्या रसात शिजतात, मग तेलावर खरपूस होतात. आंबटामुळे बटाटा मऊ व्हायला वेळ लागतो, म्हणून घाई नको.

किलोभर बटाटे सोलून लांबट, जाड फोडी करा. अर्धी वाटी तेल, वाटीभर पाणी, चार-पाच पाकळ्या ठेचलेला लसूण, मीठ, मिरपूड, ओरेगॅनो. तिकडची पिवळी लिंबं मोठी नि सौम्य. आपली कागदी तीन पुरतात. ट्रेमध्ये एकच थर लावा, २०० अंशांवर ४० मिनिटं ठेवा, फोडी उलटा, मग पाणी आटून कडा लाल होईपर्यंत आणखी अर्धा तास.

तेल खरं तर ऑलिव्हचं. आमच्याकडे लातूरला घाण्याचं करडई तेल घरात असतंच, मी तेच वापरते. चव बदलते, पण बिघडत नाही. ओरेगॅनोऐवजी ओवा मात्र चिमूटभरच, नाहीतर भजी खाल्ल्यासारखं वाटतं! लाइट गेली तर ट्रे बाहेर काढू नका, ओव्हनचं दार बंदच ठेवा. ओव्हन नसेल तर जाड बुडाच्या कढईत झाकण ठेवून शिजवा, शेवटी झाकण काढून परता.