तात्या विंचू आणि आबा टिपरे एकच?

प्रश्न : परवा मुलाला सांगितलं की झपाटलेलातला तात्या विंचू आणि टिपरे मालिकेतले आबा म्हणजे एकच माणूस, तर तो ऐकायलाच तयार नाही. दिलीप प्रभावळकरांना हे जमतं कसं? सगळी मेकअपची करामत का?

उत्तर : मुलाचं काही चुकलेलं नाही हो, आमच्या घरातही हा वाद होऊन गेलाय. मेकअप असतोच, पण नुसत्या मेकअपने माणूस बदलत नाही, फार तर म्हातारा दिसतो. टिपरे २००१ ला सुरू झाली तेव्हा प्रभावळकर ५७ वर्षांचे (जन्म १९४४ चा), म्हणजे खरं तर आबांच्या मुलाच्या वयाच्या जास्त जवळचे, आणि तरी कुणाला शंका आली नाही. आता कुठला तरी एपिसोड लावा आणि आवाज बंद करून फक्त त्यांचं उठणं-बसणं बघा, पाठ जरा वाकलेली, हालचाल सावकाश, पण नातवंडांची काही भानगड चाललीय म्हटल्यावर डोळे एकदम मिश्कील होतात. म्हणजे म्हातारपण सगळं शरीरात आणि नजर मात्र त्यांच्यातल्या व्रात्य पोराची! तात्या विंचूत उलट, तिथे नजरच घाबरवते. गंमत म्हणजे त्या सिनेमात माणूस म्हणून तात्या थोडाच वेळ आहे, पुढे सगळा कारभार त्याचा आत्मा शिरलेल्या बाहुल्याचा, तरी 'ओम फट् स्वाहा' म्हटलं की डोळ्यासमोर आधी हा माणूस येतो.

आणि माझं लाडकं उदाहरण सांगतो. जयवंत दळवींच्या नातीगोती नाटकात ते मतिमंद मुलाचे वडील होते, आणि १९९१ च्या चौकट राजा सिनेमात स्वतःच तसा मुलगा, नंदू. एकच दुखणं एकदा बाहेरून सोसायचं आणि एकदा आतून. नंदूमध्ये रडवण्याची घाई कुठेही नाही, तो बिचारा आपल्याच नादात असतो, रडतो ते आपण. असा रोल कुणी करायला घेतला की मला आधी धास्तीच वाटते, कारण बहुतेक जण वाकडं तोंड करून मोकळे होतात.

प्रश्न : एवढा मोठा नट, मग कायम सहायक भूमिकाच का?

उत्तर : कायम कुठे? चिमणराव कोण होता मग? सत्तरच्या दशकाच्या शेवटी दूरदर्शनवर चिमणराव आणि बाळ कर्व्यांचा गुंड्याभाऊ ही जोडी घराघरात होती. रंगभूमीवर हसवाफसवी तर स्वतःच लिहिलं आणि त्यात सहा भूमिका केल्या, त्यातले थकलेले गायक नट कृष्णराव हेरंबकर बघताना हसता हसता घशात आवंढा यायचा. हिंदीत २००६ साली लगे रहो मुन्नाभाईत गांधीजी झाले, आणि त्याच वर्षीच्या राष्ट्रीय पुरस्कारांत तो सिनेमा आणि मराठी शेवरी अशा दोन्हींसाठी मिळून सहायक अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला. आता तो गांधी आठवा, ना आवाज चढवतो ना भाषण ठोकतो, मुन्नाच्या शेजारी नुसता उभा राहतो आणि सीन खिशात घालतो. सहायक म्हणा नाहीतर काहीही म्हणा.

प्रश्न : टिपरे परत सुरू करायला सांगा ना चॅनलला!

उत्तर : नको. ऐन रंगात असताना थांबली म्हणून तर अजून तुम्ही विचारताय. हजार भाग ताणली असती तर आबांच्या डायरीतही स्मृतिभ्रंश आणि पुनर्जन्म आले असते.

प्रश्न : मुलाची खात्री पटवायला काय दाखवू?

उत्तर : आधी झपाटलेला, मग लगेच टिपरेचे दोनतीन भाग, मधे ब्रेक नको. त्यानंतर एन्काउंटर द किलिंगमधला पुनाप्पा, पण तो मुलगा जरा मोठा असेल तरच. आणि शेवटी २०२५ चा दशावतार, त्यात ऐंशी ओलांडलेला हा माणूस कोकणातल्या दशावतारी कलावंताचा, बाबुली मेस्त्रीचा रोल करतो. फक्त सिनेमा सुरू व्हायच्या आधी नाव सांगू नका, आणि त्याने ओळखलं का ते मला नक्की कळवा.