गेम डिलीट केला तर सेव्ह जाते का? स्विचमधली जागा मोकळी करताना

तुमचा प्रश्न थोडक्यात असा : घरात ३२ जीबीचा जुना निन्टेन्डो स्विच (गेम खेळायचं मशिन) आहे, मेमरी भरली आहे आणि नवा गेम उतरत नाही. झेल्डा मालिकेतल्या 'टिअर्स ऑफ द किंगडम' या गेममध्ये तुमचे दोनशे तास गेलेत, आणि त्याच मशिनवर धाकट्या बहिणीचं 'ॲनिमल क्रॉसिंग' या गेममध्ये वसवलेलं बेट आहे. गेम डिलीट केले तर हे सगळं पुसलं जाईल का, परत उतरवताना पुन्हा पैसे पडतील का, आणि मोठं मेमरी कार्ड घेतलं की काळजी मिटेल का.

पहिल्या दोन्ही प्रश्नांचं उत्तर 'नाही' असं आहे. तिसऱ्याचं 'अर्धीच मिटेल'. का, ते नीट सांगतो, कारण इथे घाईत दाबलेलं एक चुकीचं बटण फार महागात पडतं.

स्विचवर गेम आणि सेव्ह या दोन वेगळ्या वस्तू आहेत आणि त्या वेगळ्या ठिकाणी राहतात. गेम म्हणजे डाउनलोड केलेला मोठा डेटा. तो मशिनच्या मेमरीत राहील नाहीतर मायक्रोएसडी कार्डावर. सेव्ह म्हणजे तुमची प्रगती. ती नेहमी मशिनच्या आतल्या मेमरीतच राहते, कार्डावर कधीच जात नाही. गेम विकत घेतल्याची नोंद तुमच्या खात्यावर असते, म्हणून तो ईशॉपवरून, म्हणजे निन्टेन्डोच्या ऑनलाइन दुकानातून, परत फुकट उतरवता येतो. तुमच्या दोनशे तासांची प्रत मात्र त्या मशिनखेरीज कुठेच नसते, तुम्ही मुद्दाम ठेवली नसेल तर. म्हणून डिलीट करण्याआधी मी एवढंच बघतो : आत्ता हात गेमला लागतोय की सेव्हला?

होम स्क्रीनवर गेमच्या आयकॉनवर जाऊन प्लसचं बटण दाबा, मग 'मॅनेज सॉफ्टवेअर'. तिथे दोन पर्याय दिसतात. 'आर्काइव्ह सॉफ्टवेअर' म्हणजे डेटा जातो, आयकॉन जागेवर राहतो आणि त्यावर दाबलं की पुन्हा डाउनलोड सुरू होतं. 'डिलीट सॉफ्टवेअर' म्हणजे आयकॉनही जातो आणि गेम पुढे खात्यातल्या यादीतून शोधून आणावा लागतो. मोकळी होणारी जागा दोन्हींत सारखीच, आणि सेव्हला दोन्हींत धक्का लागत नाही. मी स्वतः जवळजवळ नेहमी आर्काइव्हच करतो. आयकॉन समोर दिसत राहिला की हा गेम आपल्याकडे आहे हे लक्षात राहतं, आणि घरातलं कुणी 'माझा गेम कुठे गेला' म्हणून घाबरत नाही. एकदम बरेच गेम काढायचे असतील तर 'सिस्टीम सेटिंग्ज'मध्ये 'डेटा मॅनेजमेंट'खाली 'क्विक आर्काइव्ह' आहे, तिथे हवे ते निवडून एका फटक्यात उडवता येतात.

त्याच 'डेटा मॅनेजमेंट'मध्ये 'डिलीट सेव्ह डेटा' नावाचा वेगळा पर्याय आहे. जागा हवी म्हणून तिकडे अजिबात फिरकू नका. बहुतेक सेव्ह गेमच्या मानाने इतक्या छोट्या असतात की त्या पुसून नव्या गेमपुरती जागा निघणारच नाही, आणि दुसरीकडे प्रत नसेल तर गेलेली सेव्ह परत येत नाही.

याहून धोकादायक एक गोष्ट आहे आणि तिच्याबद्दल फारसं कुणी सांगत नाही. युझर प्रोफाइल. मशिनवरून एखादा युझर डिलीट केला की त्याच्या सगळ्या गेमांच्या सेव्ह त्याच्याबरोबर जातात. हे मी माझ्या हातून झालेल्या चुकीतून शिकलो. भाचा सुट्टीत राहायला यायचा, त्याचं प्रोफाइल मशिनवर होतं. एका संध्याकाळी आवराआवर करताना 'हा आता कुठे खेळतो' असं म्हणून मी ते काढून टाकलं. मशिनने आधी विचारलं होतं, मीच नीट वाचलं नाही. पुढच्या सुट्टीत तो आला, गेम सुरू केला आणि समोर थेट पहिली पायरी. तो काही बोलला नाही, कंट्रोलर खाली ठेवून बाहेर गेला. ते अजून डोळ्यांसमोर आहे. दुसऱ्याच्या प्रोफाइलला त्याला विचारल्याशिवाय मी आता हात लावत नाही, आणि तुम्हालाही तेच कळकळीने सांगतो.

ही भीती मुळात कुठून येते, तेही सांगतो, कारण ती खोटी नाही. ज्यांनी आधीची मशिन वापरली आहेत त्यांच्या हाताला वेगळी सवय असते. निन्टेन्डोच्याच जुन्या ३डीएसवर डाउनलोड केलेला गेम डिलीट करताना सेव्हही बरोबर जायची. आधी बॅकअप करून मग काढायचा पर्याय असायचा, पण तो तुम्हीच निवडायचा. सोनीच्या प्लेस्टेशन व्हिटावर तर स्क्रीनवरचा बुडबुडा, म्हणजे गेमचा गोल आयकॉन, पुसला की त्यातली सेव्हही गेली, म्हणून आधी कॉम्प्युटरवर किंवा पीएस प्लस या सोनीच्या सभासद-सेवेच्या क्लाउडवर प्रत काढावी लागे. त्याच्याही आधी गेमबॉयच्या काळात सेव्ह कार्ट्रिजमध्ये, म्हणजे मशिनमध्ये घालायच्या गेमच्या डबीत, असायची, आणि बऱ्याच कार्ट्रिजांत ती आतल्या एका छोट्या बॅटरीवर जिवंत राहायची. बॅटरी संपली की सेव्ह संपली. तुमच्या घरात यांपैकी एखादं जुनं मशिन अजून चालू असेल तर स्विचचे नियम त्याला लावू नका. ३डीएसच्या ईशॉपवरची खरेदी २७ मार्च २०२३ला बंद झाली; आधी घेतलेले गेम पुन्हा उतरवण्याची सोय त्यानंतरही चालू ठेवली गेली. पण जे दुकान बंद झालंय, त्याच्या भरवशावर गेम पुसून टाकायला मी तरी धजत नाही. तिथे मोठं कार्ड घालणं बरं.

स्विचवर कार्ट्रिजवाल्यांचा उलटा गैरसमज असतो. गेम कार्ट्रिजवर आहे म्हणजे सेव्हही तिथेच असेल असं वाटतं. तसं नाही. कार्ट्रिज मित्राला दिलं तर त्याच्याकडे गेम जातो, तुमची प्रगती तुमच्याच मशिनमध्ये राहते. आणि कार्ट्रिज असलं तरी अपडेट आणि डीएलसी (गेमला नंतर जोडायचे जादा भाग) मेमरीतच उतरतात, म्हणून फक्त कार्ट्रिजवर खेळणाऱ्यांचीही जागा हळूहळू भरत जाते. असे गेमही आर्काइव्ह करता येतात, पुन्हा खेळायचं झालं की अपडेट परत उतरवायचं.

आता ३२ जीबीचा हिशोब. ३२ जीबीतले काही सिस्टीमला लागतात आणि तुमच्या वाट्याला सुमारे २६ जीबी येतात. 'टिअर्स ऑफ द किंगडम' एकटाच सुमारे १६ जीबी. उरलेल्या दहामध्ये बहिणीचा गेम, अपडेट, सगळ्यांच्या सेव्ह आणि स्क्रीनशॉट. म्हणजे तुमच्याकडून काही चुकलेलं नाही, मशिनच लहान आहे. २०२१च्या ओलेड मॉडेलमध्ये ६४ जीबी आले, पण मोठे गेम डाउनलोड करून खेळणाऱ्याला तेही पुरत नाहीत.

स्क्रीनशॉट आणि व्हिडिओ लोक विसरतात. एका फोटोने काही होत नाही, पण ३० सेकंदांचे व्हिडिओ सहज दाबले जातात आणि साठत जातात. 'मॅनेज स्क्रीनशॉट्स अँड व्हिडिओज'मध्ये जाऊन नको ते काढा, हवे ते आधी फोनवर किंवा कॉम्प्युटरवर घ्या.

वारंवार डिलीट करून परत उतरवलं तर मशिन खराब होईल, ही शंकाही अनेकांना असते. महिन्यातून चार-पाच गेम फिरवल्याने त्या मेमरीला काही होत नाही. खरा खर्च इंटरनेटचा आणि वेळेचा. म्हणून मी आकार बघत नाही, पुन्हा कधी खेळणार ते बघतो. सगळ्यात मोठा गेम काढण्याचा मोह होतो, पण तोच रोज चालू असेल तर दोन दिवसांनी पुन्हा १६ जीबी ओढत बसाल. कथा संपलेले गेम आधी काढा. डेमो काढा. पाच-सहा जीबी कायम रिकामे ठेवा, नाहीतर ऐन खेळायच्या वेळी अपडेट येतं आणि मशिन जागा मागत बसतं.

कार्ड घ्याच, पण बघून. यूएचएस-१ प्रकारचं (वेगाचा हा प्रकार कार्डावर लिहिलेला असतो) मायक्रोएसडी पुरतं. निन्टेन्डोची शिफारस सेकंदाला ६० ते ९५ एमबी वाचन-वेगाची आहे, त्याहून महाग कार्डाचे जादा पैसे इथे वसूल होत नाहीत. ६४ जीबी किंवा त्याहून मोठं कार्ड पहिल्यांदा घातलं की मशिन एक अपडेट मागू शकतं, तेव्हा इंटरनेट चालू असू द्या. एप्रिल २०२० पासून, म्हणजे सिस्टीमच्या १०.०.० आवृत्तीपासून, आधी उतरवलेले गेम मशिनमधून कार्डावर हलवता येतात, म्हणून सगळं पुन्हा डाउनलोड करायची गरज नाही. सेव्ह हलत नाहीत, त्या आतच राहतात. म्हणून कार्डाने काळजी अर्धीच मिटेल असं म्हटलं : जागेचा प्रश्न सुटतो, पण मशिन पडलं, भिजलं किंवा हरवलं तर कार्डावर तुमचे दोनशे तास नसतात. उलट बाजूने दिलासा असा की कार्ड बिघडलं तरी प्रगती सुरक्षित असते.

कार्ड घालताना-काढताना मशिन पूर्ण बंद करा. स्लीप मोड म्हणजे बंद नव्हे. पहिल्यांदाच थोडं मोठं घ्या, कारण दोन कार्डांवरचे गेम पुढे एकत्र करता येत नाहीत. एका कार्डावरचं सगळं कॉम्प्युटरमार्फत दुसऱ्या रिकाम्या कार्डावर नेता येतं, तेवढंच.

आणि नकली कार्डांपासून जपा. मी एकदा स्वस्तात मोठ्या क्षमतेचं कार्ड घेतलं. मशिनला ते आकाराने बरोबर दिसत होतं, पण काही गेम उतरल्यावर एकेक गेम 'डेटा खराब' म्हणू लागला. आत जागाच खूप कमी होती, आकडा फक्त लिहिलेला होता. तेव्हापासून नवं कार्ड आधी कॉम्प्युटरला लावून काठोकाठ भरून तपासतो. विंडोजवर 'एचटूटेस्टडब्ल्यू' आणि लिनक्स-मॅकवर 'एफ३' ही साधनं हेच काम करतात. तपासून झालं की कार्ड स्विचमध्येच फॉरमॅट करा.

सेव्हच्या सुरक्षिततेसाठी खरा उपाय क्लाउडचा. निन्टेन्डो स्विच ऑनलाइन या सशुल्क सेवेचं सभासदत्व असेल तर बहुतेक गेमांची सेव्ह आपोआप वर जाते. फॅमिली सभासदत्वात ८ खाती बसतात, म्हणजे बहिणीचंही होईल. सभासदत्व संपल्यावर १८० दिवसांच्या आत पुन्हा घेतलं तर जुन्या सेव्ह मिळू शकतात, त्यापुढे भरवसा नाही. आयकॉनवर प्लस दाबून 'सेव्ह डेटा क्लाउड'मध्ये शेवटची प्रत कधी गेली ते बघता येतं. मोठी साफसफाई करण्याआधी मी ती तारीख डोळ्यांनी बघतो.

पण 'ॲनिमल क्रॉसिंग : न्यू होरायझन्स' या नेहमीच्या क्लाउडमध्ये येत नाही. त्याचा बेटासाठीचा बॅकअप वेगळा आहे आणि तो गेममधूनच चालू करावा लागतो : टायटल स्क्रीनवर मायनस दाबा, तिथल्या सेटिंग्जमध्ये तो सापडेल. त्यालाही ऑनलाइन सभासदत्व लागतं. नवं मशिन घेतलं तर बेट हलवायला स्वतंत्र 'आयलंड ट्रान्सफर टूल' आहे, साध्या सेव्ह-ट्रान्सफरने ते जात नाही. तुमच्या घरात सगळ्यात नाजूक वस्तू हे बेट आहे, झेल्डा नव्हे. आज सुरुवात तिथून करा.

पुढे स्विच २ घ्यायचा विचार असेल तर एवढं ध्यानात ठेवा : त्यात २५६ जीबी आहेत, पण गेमसाठी फक्त मायक्रोएसडी एक्सप्रेस कार्ड चालतं. आत्ता घ्याल ते साधं कार्ड तिथे जुने स्क्रीनशॉट आणि व्हिडिओ आणण्यापुरतंच उपयोगी. म्हणून 'पुढेही कामी येईल' या हिशोबाने आज अवाढव्य कार्ड घेऊ नका, २५६ जीबीचं तुम्हाला भरपूर होईल.

तर आज रात्री आधी बेटाचा बॅकअप, मग तुमच्या झेल्डाची क्लाउडची तारीख, आणि मग संपलेले गेम आर्काइव्ह. नवा गेम डाउनलोडला लावून मशिन चार्जिंगवर स्लीप मोडमध्ये ठेवलंत तरी चालेल, इंटरनेट चालू असलं की डाउनलोड सुरू राहतं. यादी बघून काय काढावं सुचत नसेल तर गेमांची नावं आणि आकार इथे लिहा, मी बघून सांगतो.