उंची, पण कशापासूनची? हाइट, ॲल्टिट्यूड, एलिव्हेशन आणि फ्लाइट लेव्हल

व्यावसायिक वैमानिकाच्या परवान्यासाठी एअर रेग्युलेशन्सच्या पेपरची तयारी करणाऱ्या एका वाचकाचा प्रश्न आहे. पुस्तकं इंग्रजीत वाचतो, पण डोक्यात पक्कं बसावं म्हणून टिपणं मराठीत काढतो, असं ते म्हणतात. हाइट, ॲल्टिट्यूड आणि एलिव्हेशन या तिन्हींपुढे त्यांनी 'उंची' लिहिलं आणि उजळणी करताना कोणती कुठली ते कळेना. हिंदीतला 'तुंगता' हा शब्द घ्यावा का, आणि फ्लाइट लेव्हलला 'उड्डाण-उंची' म्हटलेलं चालेल का, असं त्यांनी विचारलं आहे.

शेवटचं आधी सांगतो. 'उड्डाण-उंची' चालणार नाही. पहिल्या तीन शब्दांमध्ये थोडी ढिलाई खपून जाईल. इथे मात्र शब्द चुकला की संकल्पनाच चुकते.

हा काथ्याकूट एरवी भाषेच्या हौशी लोकांपुरता राहिला असता. पण हवाई कायद्यात व्याख्येला वेगळंच वजन असतं. ७ डिसेंबर १९४४ रोजी शिकागोत आंतरराष्ट्रीय नागरी विमान वाहतुकीचा करार झाला आणि ४ एप्रिल १९४७ पासून तो लागू झाला. त्याच्या दुसऱ्या परिशिष्टात हवेतल्या वाहतुकीचे नियम आहेत. एरवी एखाद्या देशाला परिशिष्टातला नियम जसाच्या तसा पाळणं जमणार नसेल, तर तसं कळवून वेगळेपण ठेवता येतं. खुल्या समुद्रावर ती मुभा नाही. कराराच्या १२व्या कलमानुसार तिथे याच करारान्वये ठरलेले नियम चालतात. मुंबईहून आखाताकडे निघालेलं विमान किनाऱ्यापासून १२ सागरी मैलांपलीकडे गेलं, की ते दुसऱ्या परिशिष्टाच्या अमलाखाली येतं. आणि याच परिशिष्टांच्या प्रस्तावनेत म्हटलं आहे, की व्याख्येला स्वतंत्र दर्जा नसला तरी ती शब्द वापरलेल्या प्रत्येक नियमाचा अविभाज्य भाग आहे, कारण शब्दाचा अर्थ बदलला तर नियमच बदलतो. शब्दचर्चा करणाऱ्याला याहून मोठा आधार कोणता हवा!

आता व्याख्या. हाइट म्हणजे ठरवून दिलेल्या कोणत्याही पायापासून मोजलेलं उभं अंतर. तो पाया धावपट्टी असेल, खालची जमीन असेल, एखाद्या टॉवरचं टोक असेल. ॲल्टिट्यूडचा पाया मात्र एकच, सरासरी समुद्रसपाटी. एलिव्हेशनसुद्धा समुद्रसपाटीपासूनच मोजतात, पण ते जमिनीवरच्या किंवा जमिनीला जखडलेल्या जागेचं. विमानाला ॲल्टिट्यूड असतं, विमानतळाला एलिव्हेशन. पुण्याच्या लोहगाव विमानतळाचं एलिव्हेशन १९४२ फूट आहे. विमान त्याच्या बरोबर हजार फूट वर असेल, तर विमानतळापासून त्याची हाइट १००० फूट आणि ॲल्टिट्यूड २९४२ फूट. जागा तीच, आकडे दोन, आणि दोन्ही खरे.

मराठीत या तिन्हींना 'उंची' म्हणतात हे खरं, पण त्यावरून मराठी तोकडी ठरत नाही. पाया सांगायची सोय आपल्याकडे प्रत्ययातच आहे. 'पासून' लावला की काम झालं. किल्ल्यांवर भटकणारी मंडळी हा फरक रोज करतात. कळसूबाई १६४६ मीटर उंच असली तरी बारी गावातून चढणारा तेवढे मीटर चढत नाही, कारण गावच बरंच उंचावर आहे. म्हणून चांगला माहितीफलक 'समुद्रसपाटीपासून उंची' आणि 'पायथ्यापासून उंची' अशा दोन ओळी देतो. फ्रेंच हीसुद्धा आंतरराष्ट्रीय नागरी विमान वाहतूक संघटनेची अधिकृत भाषा आहे, पण तिनेही एलिव्हेशनसाठी अगदी नवा शब्द शोधलेला नाही. ॲल्टिट्यूडलाच 'भूपृष्ठाचं' अशा अर्थाचं विशेषण जोडून तिने काम भागवलं आहे.

'तुंगता' मला परका वाटत नाही. पवना धरणाजवळ तुंग नावाचा किल्लाच आहे आणि 'उत्तुंग' आपण सहज म्हणतो. पण 'तुंगता' ऐकून मराठी माणसाला भव्यता जाणवते, समुद्रसपाटी आठवत नाही. शब्द नवा शिकायचा आणि त्याचा पाया कोणता हेही वेगळं पाठ करायचं, असा दुहेरी भार पडेल. 'उन्नतांश' हा शब्दही काही जण सुचवतील. तो टाळा. खगोलशास्त्रात तो ताऱ्याच्या क्षितिजापासूनच्या कोनासाठी रुळलेला आहे, आणि अवकाशस्थ गोष्टींच्या कोनाचा शब्द फुटांत मोजायच्या अंतराला लावला तर नेव्हिगेशनच्या पेपरात घोळ होईल. नुसतं 'उंची' विशेषण म्हणून वापरलं, तर 'उंची अत्तर' आणि 'उंची कापड' यांतला अर्थ डोकावतो, म्हणून टिपणांत ते एकटं सोडू नका.

माझी शिफारस अशी. ॲल्टिट्यूडला 'समुद्रउंची' म्हणा आणि एलिव्हेशनला 'स्थळउंची'. हाइटसाठी ठरीव शब्द मुळी करूच नका. तिथे दर वेळी पाया लिहा: धावपट्टीपासूनची उंची, जमिनीपासूनची उंची, अडथळ्यापासूनची उंची. लिहायला लांबतं हे कबूल, पण हाइटच्या व्याख्येतच 'ठरवून दिलेला पाया' आहे. तो गाळला तर व्याख्या अर्धी राहते.

तो का गाळू नये, याचं उदाहरण दुसऱ्या परिशिष्टातच आहे. डोळ्यांनी पाहून उडणाऱ्या विमानानं शहराच्या किंवा वस्तीच्या दाट भागावरून जाताना, ६०० मीटर त्रिज्येतल्या सर्वांत उंच अडथळ्याच्या वर किमान ३०० मीटर असलं पाहिजे. टिपणात तुम्ही 'शहरावर किमान उंची ३०० मीटर' एवढंच लिहिलंत आणि परीक्षेत तेच आठवलं, तर गुण जातील. मुंबईत तर दोनशे मीटरहून उंच इमारती उभ्या आहेत, त्यामुळे खाली नुसता रस्ता धरून मोजलेले ३०० मीटर त्यांच्या गच्चीवर शंभर मीटरसुद्धा उरणार नाहीत. उपकरणांच्या आधारे उडताना डोंगराळ मुलखात ८ किलोमीटरच्या आतल्या सर्वांत उंच अडथळ्याच्या वर ६०० मीटर, इतरत्र ३०० मीटर. तिथेही 'अडथळ्यापासून' हा शब्द वगळून चालत नाही.

आता फ्लाइट लेव्हल. हा सगळ्यात सुंदर भाग आहे, आणि तो शाळेतल्या भूगोलातून थेट समजतो. नकाशावरच्या समदाब रेषा आठवा: सारखा दाब असलेली ठिकाणं जोडणाऱ्या. तीच कल्पना आडवी न ठेवता अवकाशात पसरवा, म्हणजे रेषेऐवजी समदाब पृष्ठ मिळेल. व्याख्येप्रमाणे फ्लाइट लेव्हल म्हणजे असं समदाब पृष्ठ. त्याचा संदर्भ १०१३.२ हेक्टोपास्कल हा ठरीव दाब. हेक्टोपास्कल म्हणजे पाठ्यपुस्तकातला मिलिबारच. जमिनीचा किंवा समुद्राचा या व्याख्येत उल्लेखसुद्धा नाही.

कारण ॲल्टिमीटर हे उपकरण मुळात अंतर मोजत नाही. तो हवेचा दाब मोजतो आणि दाखवतो फुटांत. कोणत्या दाबाला शून्य मानायचं हे वैमानिक उपकरणाच्या तबकडीवरच्या छोट्या खिडकीतल्या आकड्यानं ठरवतो. समुद्रसपाटीवर आणलेला तिथला दाब, म्हणजे क्यूएनएच, लावला तर काटा समुद्रउंची दाखवेल. विमानतळावरचा दाब, म्हणजे क्यूएफई, लावला तर त्या विमानतळापासूनची उंची. लोहगावच्या धावपट्टीवर उभं राहून पहिला लावला तर काटा १९४२च्या आसपास, दुसरा लावला तर शून्यावर. आणि १०१३.२ लावला तर मिळते ती फ्लाइट लेव्हल, शंभर फुटांच्या हिशेबात. फ्लाइट लेव्हल ३५० म्हणजे १०१३.२ लावल्यावर काटा ३५,००० दाखवतो आहे, एवढंच.

पावसाळ्यात मुंबईवरचा दाब हजार हेक्टोपास्कलच्या आसपास येतो. तेव्हा १०१३.२ तसाच ठेवून खाली उतरणाऱ्याचा काटा खऱ्या उंचीपेक्षा जास्त दाखवेल, आणि जमिनीजवळच्या हवेत एका हेक्टोपास्कलला २७ ते ३० फूट धरले तर फरक साडेतीनशे ते चारशे फुटांचा होतो. उतरताना एवढी चूक जीवघेणी आहे. मग वर गेल्यावर तीच चूक मुद्दाम का चालवून घेतात? कारण वर डोंगर नाहीत, दुसरी विमानं आहेत. शेकडो मैल जाताना प्रत्येक विभागाचा दाब लावत बसण्यापेक्षा सगळ्यांनी एकच आकडा लावला, तर सगळ्यांची चूक सारखी होते आणि त्यांच्यातलं हजार फुटांचं अंतर शाबूत राहतं. मुंबईहून कोलकात्याकडे, म्हणजे पूर्वेला जाणारं विमान ३३०, ३५० अशा विषम पातळीवर आणि परतणारं ३४०, ३६० अशा सम पातळीवर; सम-विषम इथे हजार फुटांच्या आकड्यावरून, म्हणजे ३३, ३५ आणि ३४, ३६ वरून ठरतं. फ्लाइट लेव्हल ही जमिनीपासून किती वर आहोत हे सांगायला नाहीच. एकमेकांपासून किती दूर आहोत हे सांगायला आहे. वर्तमानपत्रात 'विमान ३५ हजार फुटांवर असताना' लिहितात ते वाचकांसाठी ठीक आहे. प्रशिक्षणार्थीनं तसं लिहू नये.

म्हणून 'उड्डाणपातळी'. 'पातळी' हा शब्द इथे नेमका बसतो: तो पृष्ठ सुचवतो, अंतर नाही. इंग्रजीत लेव्हल हा सर्वसमावेशक शब्दही आहे. हाइट, ॲल्टिट्यूड, फ्लाइट लेव्हल यांपैकी काहीही असू शकतं तेव्हा तो वापरतात. तिथेही नुसतं 'पातळी' चालेल. आणि 'उंची' व 'पातळी' वेगळे ठेवण्याची कसोटी पाहायची असेल तर ट्रान्झिशनची जोडी पाहा. वर जाताना ट्रान्झिशन ॲल्टिट्यूडला क्यूएनएच सोडून १०१३.२ लावतात, उतरताना ट्रान्झिशन लेव्हलला १०१३.२ सोडून क्यूएनएच लावतात. एक समुद्रउंची, दुसरी उड्डाणपातळी, आणि मधला पट्टा दोन्ही मोजमापांच्या सीमेवरचा. अमेरिकेत ट्रान्झिशन ॲल्टिट्यूड सरसकट १८,००० फूट आहे. आपल्याकडे ते विमानतळागणिक बदलतं आणि नकाशावर छापलेलं असतं. ट्रान्झिशन ॲल्टिट्यूड आणि ट्रान्झिशन लेव्हल या दोघांनाही 'संक्रमण उंची' म्हणाल तर ही व्यवस्थाच पुसली जाईल. 'संक्रमण उंची' आणि 'संक्रमण पातळी' अशीच जोडी हवी.

हे अंतर शाबूत न राहिल्यानं काय झालं, ते आपल्या देशानं पाहिलेलं आहे. १२ नोव्हेंबर १९९६ रोजी दिल्लीहून निघालेलं सौदी बोइंग ७४७ चढत होतं आणि कझाकस्तानचं इल्युशिन ७६ दिल्लीकडे उतरत होतं. बोइंगला उड्डाणपातळी १४० दिलेली होती, इल्युशिनला १५०. हरयाणातल्या चरखी दादरीवर दोन्ही धडकली आणि ३४९ माणसं गेली. न्यायमूर्ती लाहोटींच्या चौकशीत इल्युशिन दिलेल्या पातळीच्या खाली गेल्याचं निष्पन्न झालं. नियंत्रकानं इल्युशिनला दोन आकडे सांगितले होते: एक त्याची स्वतःची पातळी आणि दुसरा समोरून येणाऱ्या बोइंगची. पहिला हुकूम, दुसरी माहिती. हे उदाहरण मी प्रत्येक प्रशिक्षणार्थीला वाचायला सांगेन, कारण आकडा कुणाचा आणि कशाचा हे निःसंदिग्ध असणं किती मोलाचं आहे ते इथे दिसतं.

दुसरं उदाहरण भाषेच्या दृष्टीनं आणखी बोलकं आहे. १९ फेब्रुवारी १९८९ रोजी सिंगापूरहून क्वालालंपूरला येणाऱ्या मालवाहू बोइंग ७४७ला नियंत्रकानं २४०० फुटांपर्यंत उतरायला सांगितलं, 'टू फोर झीरो झीरो'. वैमानिकांनी पहिला 'टू' आकडा न धरता 'पर्यंत' या अर्थाचा धरला आणि उलट उत्तर दिलं, 'फोर झीरो झीरो'. विमान ४०० फुटांकडे उतरत टेकडीवर आदळलं, चौघेही गेले. ब्रिटनमध्ये आता उंची सांगताना आकड्याआधी 'ॲल्टिट्यूड' किंवा 'हाइट' हा शब्द उच्चारतात, आणि उड्डाणपातळी सांगताना 'टू' वगळतात. मोजमापाचा प्रकार आकड्याआधी आला की कान सावध होतो.

म्हणून वाचकाला दोन गोष्टी सांगतो. पहिली, मराठी शब्द टिपणांपुरते आणि समजुतीपुरते ठेवा. रेडिओवर ठरलेले इंग्रजी शब्दच, एक अक्षरही इकडचं तिकडे न करता. दुसरी, लिहिण्याच्या पद्धतीबद्दल. समुद्रउंची लिहिताना 'फूट' लिहाच, कारण चीनमध्ये उंच्या मीटरमध्ये देतात आणि पुढे तिकडे उडायची वेळ येऊ शकते. उड्डाणपातळीला मात्र एकक लावू नका. 'उड्डाणपातळी ३५० फूट' हे चूक आणि 'उड्डाणपातळी ३५,००० फूट' हेही चूक. 'उड्डाणपातळी ३५०' एवढंच लिहा आणि वाचताना 'तीन पाच शून्य' असा एकेक अंक सुटा वाचा.